हारा सोडून ताकामिनेच का?

जुन्या जपानी सिनेमाचा विषय निघाला की हा प्रश्न ठरलेला: सेत्सुको हारासारखी नटी असताना तुम्ही सारखं हिदेको ताकामिनेचं नाव का घेता? तुम्ही विचारलंत म्हणून सांगते. हाराच्या हसण्याला तोड नाही, वादच नको. पण पोटासाठी राबणारी बाई पडद्यावर कशी दिसते, ते मला ताकामिनेने दाखवलं.

ती होतीच तशी. जन्म १९२४चा, हाकोदातेचा. आई लवकर गेली, आत्याने दत्तक घेतलं. पाचव्या वर्षी शोचिकु स्टुडिओत कॅमेऱ्यासमोर उभी राहिली आणि पुढे तिच्या कमाईवर घर चालायला लागलं. शूटिंगपायी शाळा जवळजवळ बुडालीच. गंमत बघा, १९५४च्या 'ट्वेंटी-फोर आइज'मध्ये बारा पोरांना शिकवणारी शाळेतली बाई म्हणून अख्ख्या जपानला रडवलं ते हिनेच! 'किनेमा जुनपो' या सिनेमासिकाच्या त्या वर्षीच्या उत्तम सिनेमांच्या यादीत हा सिनेमा पहिला आला. कुरोसावाचा 'सेव्हन समुराई' तिसरा.

माझा जीव मात्र दिग्दर्शक मिकिओ नारुसेच्या सिनेमांत अडकलाय. दोघांनी मिळून सतरा केले. १९६०च्या 'व्हेन अ वुमन असेंड्स द स्टेअर्स'मध्ये ती टोकियोच्या गिन्झा भागातल्या बारची 'मामा', म्हणजे बार सांभाळणारी बाई आहे. विधवा, तिशीची, वर आई आणि भाऊ पैशासाठी मागे लागलेले. भावाला वकिलाची फी हवी, पोलिओ झालेल्या पुतण्याचं ऑपरेशन करायचंय. रोज संध्याकाळी तिला बारचा अरुंद जिना चढायचा असतो आणि तो तिला नकोसा वाटतो. शेवटच्या प्रसंगात तिचा चेहरा नीट बघा: जिना संपतो, दार उघडतं आणि गिऱ्हाइकांसाठी हसू चढतं. अश्रू नाहीत, मोठं वाक्य नाही. कामावर हजर, बस्स. या सिनेमाचे कपडेही तिनेच ठरवले होते.

नट्या स्टुडिओच्या कराराने बांधलेल्या असायच्या त्या काळात, १९५०मध्ये, ती करार सोडून स्वतंत्र झाली. १९५५मध्ये पटकथाकार झेन्झो मात्सुयामाशी लग्न केलं, पण काम सोडलं नाही. पुढे आत्मचरित्र लिहिलं, त्याला जपानच्या निबंधकार संघाचा पुरस्कार मिळाला. शाळा बुडालेल्या मुलीला! १९७९च्या सिनेमानंतर तिने अभिनय थांबवला.

कुठून सुरुवात करू, हा तुमचा पुढचा प्रश्न असणार. आधी गिन्झाचा जिना बघा. शाळेच्या बाई नंतर, आणि रुमाल जवळ ठेवून.