रात्र, बाहेर, पाऊस

‘रात्र. बाहेर. पाऊस.’ नुसती लेखिका होते तेव्हा हे तीन शब्द मी स्क्रिप्टमध्ये सीनच्या डोक्यावर किती बिनधास्त लिहिलेत! त्यात पाण्याचे टँकर, जनरेटर, नाइट शिफ्टचे वाढीव पैसे आणि हिरोइनच्या साडीचा दुसरा जोड असतो, हे आमची छोटी निर्मितीसंस्था सुरू झाल्यावर कळलं. त्या सीनचं पहिलं बिल नवऱ्याने एक शब्दही न बोलता माझ्या स्क्रिप्टवर ठेवलं होतं.

1999 मध्ये अल्फा मराठी ही वाहिनी आली, पुढच्या वर्षी ई टीव्ही मराठी. रोजच्या मालिकांना लिहिणारे हात हवे होते आणि मी एकांकिका स्पर्धांमधून नुकतीच बाहेर पडले होते. दुपारी वन-लाइन, म्हणजे भागात काय घडतं त्याचा थोडक्यात आराखडा, हातात यायची, रात्री संवाद लिहायचे, सकाळी कागद सेटवर. पैसे एपिसोडमागे. वाईट नव्हते, पण करारात गोष्टीचे सगळे हक्क कायमचे देऊन टाकलेले असायचे आणि ते कलम मी कधी वाचायचे नाही. एकदा माझीच गोष्ट दुसऱ्या भाषेत, माझ्या नावाशिवाय दिसली. तक्रार करायला गेले तर माझीच सही पुढे केली. (2012 मध्ये कॉपीराइट कायदा बदलला आणि रॉयल्टीच्या बाबतीत लेखकाला थोडा आधार मिळाला. माझी सही त्याच्या कितीतरी आधीची.)

नवरा प्रॉडक्शन सांभाळायचा, मी लिहायचे. म्हटलं, आपणच करू. पहिली मालिका 13 भागांची. वाहिनीचे पैसे टेलिकास्टनंतर तीन महिन्यांनी येणार, असं ठरलेलं. आले आठव्या महिन्यात. लाइटदादा, स्पॉटदादा, मेकअप यांना मात्र ‘पुढच्या आठवड्यात देतो’ असं किती वेळा सांगणार? आईच्या पाटल्या तेव्हा बँकेत गेल्या.

चित्रपट एकच केला. भोरला, एका वाड्यात, 22 दिवसांत. सरकारी अनुदानाचा मोठा आधार असतो हे खरं, पण सिनेमा पुरा होऊन समितीने पाहिल्यावर मग दर्जा ठरतो आणि मग पैसे. तोवर व्याज आपलंच चालू. मल्टिप्लेक्सला दुपारचा शो मिळाला. त्या वेळी ऑफिस सोडून मराठी सिनेमाला येणार कोण? तरी शेवटच्या रविवारी बारा-तेरा आज्या एकत्र आल्या आणि मध्यंतरात मलाच विचारलं, ‘पुढे काय होतं गं?’

मार्च 2020 मध्ये शूटिंग थांबलं. 2021 च्या एप्रिलमध्ये पुन्हा बंदी आली तेव्हा बऱ्याच मालिकांची युनिटं गोव्याला गेली. त्यांतल्या एकीचे संवाद मी घरून लिहीत होते. अख्खं कुटुंब गोव्याला का गेलं याचं कारण एका रात्रीत शोधलं. मे महिन्यात गोव्यातली परवानगीही गेली, मग त्यांना परत आणायचं कारण शोधलं!

आता लिहिताना हात आपोआप आखडतो. ‘पाऊस’ऐवजी ‘पाऊस नुकताच थांबलाय’ लिहिते. अंगणावर पाइपने पाणी मारलं की काम भागतं. नव्या सिनेमाच्या पहिल्या खर्ड्यात असे सहा थांबलेले पाऊस निघाले. नवरा खूश. मला मात्र शेवटचा सीन वाचवेना. तो मी फाडला आणि पुन्हा लिहिला. या वेळी पाऊस पडणार आहे. टँकरवाल्याशी बोलणं चालू आहे, तो दर उतरवायला तयार नाही.