हेनी पोर्टेनचे चित्रपट कालक्रमाने: १९२१ पर्यंतची नोंद

हेनी पोर्टेनचे उपलब्ध चित्रपट कालक्रमाने पाहून प्रत्येकाचे टिपण ठेवण्याचे काम १९२१ पर्यंत येऊन पोहोचले आहे. जर्मनीतील माग्डेबुर्ग येथे १८९० साली जन्मलेल्या या अभिनेत्रीची सुरुवात १९०६ मध्ये निर्माता ऑस्कर मेस्टरच्या 'टोनबिल्ड' लघुपटांतून झाली. हे लघुपट ग्रामोफोनच्या तबकडीच्या साथीने दाखवले जात आणि पडद्यावरच्या कलावंताला तबकडीवरील गायकाच्या आवाजाबरहुकूम ओठ हलवावे लागत. थोडक्यात, जर्मन मूकपटाची ही पहिली मोठी तारका पार्श्वगायनाच्या जवळपास जाणाऱ्या प्रकारातून घडली. पुढची काही वर्षे मेस्टरकडच्याच शोकनाट्यांची आहेत, आणि त्यांतील सोशिक नायिका सलग पाहताना कंटाळा येतो, हे लपवण्यात अर्थ नाही.

१९२० मात्र भरभक्कम निघाले. दिग्दर्शक एर्न्स्ट लुबिचच्या 'अ‍ॅना बोलीन'मधील राणीपेक्षा त्याच्याच, त्याच वर्षीच्या 'कोलहीजेल्स ट्योश्टर' ('कोलहीजेलच्या मुली') मधील दुहेरी भूमिका मला कितीतरी सरस वाटते. थोरल्या लीझलचे लग्न झाल्याशिवाय धाकट्या ग्रेटलचे लग्न नाही, असा बापाचा हट्ट असतो. म्हणून एमिल यानिंग्जने साकारलेला झावर, ग्रेटल मिळावी या हिशेबाने, आधी आडदांड लीझलशी लग्न करतो. शोकनायिका म्हणून गाजलेल्या पोर्टेनने येथे स्वतःचे रूप बिनदिक्कत विद्रूप करून घेतले आहे.

पुढच्या वर्षीचा, दिग्दर्शक लिओपोल्ड येस्नर आणि पाउल लेनी यांचा 'हिंटरट्रेपे' ('मागचा जिना') मी सर्वांत सावकाश पाहिला. मजकुराच्या पाट्या त्यात जवळजवळ नाहीतच. गजराच्या घड्याळाने जाग येणाऱ्या मोलकरणीचा कामाचा रगाडा, प्रियकराच्या पत्राची रोजची वाट आणि ती पत्रे दडवून ठेवणारा, फ्रिट्झ कोर्टनरने साकारलेला पोस्टमन, एवढ्याच सामग्रीवर हा चित्रपट उभा आहे. पत्र आले नाही हे कळल्यावर पुन्हा हाती काम घेणारी तिची थकलेली हालचाल पाहिली, की पोर्टेनवर मारला जाणारा 'भावविवश गृहिणी' हा शिक्का किती उथळ आहे ते ध्यानात येते.

यापुढे १९२३ च्या 'व्हेनिसचा व्यापारी'मधील पोर्शिया आणि १९२४ पासून दिग्दर्शक कार्ल फ्रोलिशच्या भागीदारीत काढलेले चित्रपट घ्यायचे आहेत. टिपणे मूकपटांपाशी थांबवणार नाही. कारण ज्यू वंशाचा पती, डॉक्टर विल्हेल्म फॉन काउफमन, याच्याशी घटस्फोट घेण्यास तिने नकार दिल्यामुळे नाझी राजवटीत तिची कामे कशी आटली, हे तिच्या कारकिर्दीच्या नोंदीत यायलाच हवे. त्याआधी 'कोलहीजेल्स ट्योश्टर'ची १९३० ची बोलपट आवृत्ती, ज्यात दोन्ही बहिणी पुन्हा तिनेच साकारल्या, मूळ चित्रपटाशी प्रसंगवार ताडून पाहीन.