कांडी ते कांडी : आमची वाटचाल

आमच्या घरात कांडी म्हणजे मागाची. सूत गुंडाळून धोट्यात, म्हणजे आडवा दोरा नेणाऱ्या तुकड्यात, बसते ती. वडील कातारी, हेदूच्या लाकडाच्या कांड्या लेथवर कातायचे. सोलापूरच्या पूर्व भागात माग धडधडत होते तोवर जेवायलाही उसंत नव्हती. मग प्लास्टिकची कांडी आली, पाठोपाठ बिनधोट्याचे माग आले. त्यानंतर काही वर्षं लाटणी, पोळपाट, पाळण्याचे खांब. त्यात सांगण्यासारखं काही नाही.

2001 साली हॅरी पॉटरचा पहिला सिनेमा आला. त्यानंतर एका शाळेच्या इंग्रजीच्या बाई दुकानात आल्या. गॅदरिंगसाठी कांड्या हव्या होत्या. मी विचारलं, "कुठल्या मागाच्या?" बाई इतक्या हसल्या की पोरगं चहा घेऊन दारातच थांबलं.

त्यांना सिनेमातल्या जादूच्या कांड्या हव्या होत्या. त्यांनी वहीच्या पानावर लिहून दिलं. हॅरीची हॉली नावाच्या झाडाची, 11 इंच, आत फिनिक्स पक्ष्याचं पीस. खलनायक व्होल्डेमॉर्टची यू नावाच्या झाडाची, साडेतेरा इंच, आत त्याच पक्ष्याचं दुसरं पीस. हॅरीचा मित्र रॉन, त्याची पहिली अ‍ॅश झाडाची, युनिकॉर्नच्या म्हणजे एकशिंगी घोड्याच्या केसाची, थोरल्या भावाने वापरून दिलेली. दुसऱ्या भागात ती मोडते. ते पान अजून लेथमागच्या भिंतीवर आहे, चपड्याच्या पॉलिशच्या डागांनी तपकिरी झालंय.

हॉली पांढरं, घट्ट लाकूड. ते सोलापुरात कुठून आणायचं? मी हेदू दाखवला. पिवळा आहे, पण रेषा बारीक, कातताना लोण्यासारखा सुटतो. बाई म्हणाल्या, "चालेल. पण चिठ्ठीवर हॉली लिहू नका." तेव्हापासून आमच्या चिठ्ठीवर जे लाकूड आत तेच नाव बाहेर. घोड्याच्या शेपटीचा केस असेल तर घोडाच लिहितो. ड्रॅगनच्या हृदयाच्या तंतूला लाल रेशीम भरतो, तेही लिहितो.

एक कांडी मात्र आम्ही खरी देतो. हॅरीची मैत्रीण हर्मायनी, तिची द्राक्षवेलीची, पावणेअकरा इंच. बाईंनी सांगितलं की केल्टिक म्हणून झाडांची एक दिनदर्शिका सांगतात, तिच्यात 19 सप्टेंबर, म्हणजे हर्मायनीचा वाढदिवस, द्राक्षवेलीच्या महिन्यात येतो. मला त्यातलं फारसं कळत नाही, पण द्राक्षवेल कळते. सोलापूरजवळच्या नान्नजला द्राक्षबाग मोडली की जुनी खोडं बांधावर जळायला पडतात. मी पहिल्यांदा टेम्पो घेऊन गेलो तेव्हा शेतकऱ्याला वाटलं, मी चेष्टाच करतोय. लाकूड अवघड आहे. साल सुतळीसारखी सुटते, आत पीळ असतो, पटाशी अचानक खोल घुसते. दहा तुकड्यांतले चार जातात. उरलेल्यांवर जी रेष येते, ती मोल्डमध्ये ओतलेल्या कांडीवर येत नाही.

गाभ्याचं, म्हणजे आत पीस-केस भरायच्या भोकाचं सांगतो, कारण नवी पोरं नेमकं उलट करतात. आधी कातायचं आणि मग भोक पाडायचं, असं करू नका. तीन मिलिमीटरचं ड्रिल लांब गेलं की वाट सोडतं आणि बाजूने बाहेर येतं. आधी भोक, मग त्याच भोकावर सेंटर धरून कातायचं. एल्डरच्या कोवळ्या फांदीत मऊ गर असतो, तो काढला की ती आपोआप पोकळ. गोष्टीतली सगळ्यांत बलाढ्य कांडी त्याच झाडाची आहे. लेखिकेने मुद्दाम केलं की नाही देव जाणे, कातारी म्हणून मला ते पटलं.

आता भागीदाराचं. नाव घेत नाही. आम्ही दोघं वडिलांच्याच हाताखाली शिकलो, एकाच पक्ष्याची दोन पिसं म्हणा. पुण्याच्या एका प्रदर्शनासाठी 400 कांड्यांची ऑर्डर आली. मी म्हणत होतो, लाकूड सावलीत सुकू दे, टोकांना मेण लाव. त्याने आगाऊ रक्कम घेतली, ओलं लाकूड आणलं आणि एप्रिलच्या उन्हात पत्र्यावर पसरलं. सोलापूरचं ऊन! कांड्या केळ्यासारख्या वाकल्या, काहींना तर मुठीपासून टोकापर्यंत चीर गेली. सगळा माल परत आला. पैसे मी फेडले, त्यासाठी पट्टा-करवत विकली. त्याने गिऱ्हाइकांचे नंबर नेले आणि तीन महिन्यांत स्वतःचं दुकान काढलं. मोल्डमधल्या रेझिनच्या कांड्या, डबीवर सोनेरी अक्षरात "असली हॉली, आत फिनिक्सचं पीस". मी एक विकत आणून हॅक्सॉने उभी कापली. आत लोखंडी तार निघाली. ती तार अजून माझ्या गल्ल्यात आहे, कुणी भाव फार पाडू लागलं की काढून दाखवतो.

त्या वर्षी बाईंनी 60 कांड्या सांगितल्या, सगळे पैसे आधी देऊन. शाळेला 60 लागत नव्हत्या, हे मला नंतर कळलं. उरलेल्या त्यांनी भाचरांना, शेजाऱ्यांना वाटल्या. एक अजून त्यांच्या देवघराच्या कोनाड्यात उदबत्तीच्या पुड्याशेजारी असते.

आणि हो, ॲडव्हान्स निम्म्यापेक्षा कमी घेऊ नका, भागीदारी तोंडी करू नका. कुणी विचारलं नाही, तरी सांगितलं.

बाई आता रिटायर झाल्यात. परवा नातीला घेऊन आल्या. नातीला लगेच हवी होती. मी पोटमाळ्यावर सुकत पडलेली नान्नजची मोळी दाखवली आणि म्हटलं, दिवाळीनंतर ये. ती रुसली. बाईंनी पैसे मात्र तेव्हाच काउंटरवर ठेवले.