डावी बाजू

सोमवार, रात्री पावणेबारा

पात्रवाटप झालं. सखूबाई. एकूण वाक्यं अकरा, त्यातली चार "आले हं" या जातीची. स्पर्धेच्या नाटकांत उतरायला लागून एकोणीस वर्षं झाली. सव्विसाव्या वर्षी पहिली विधवा आत्या केली आणि तेव्हापासून स्टेजवर माझं वय काही साठीच्या खाली आलेलं नाही. दोष आवाजाचा. लहानपणापासून घोगरा. शाळेत समूहगीताला "तू नुसते ओठ हलव" असं सांगून मला मागच्या रांगेत उभं केलं होतं, आणि बँकेत अजूनही फोन उचलला की पलीकडून "हां साहेब, जरा एक काम होतं" असंच येतं.

आईला फोन केला.

"यंदा काय गं?"

"मोलकरीण."

"बरं झालं, साडी घरातलीच चालेल."

झोप येईना म्हणून जुना इटालियन सिनेमा लावला. 'पाने, आमोरे ए फांताझिया', १९५३चा. पाव, प्रेम आणि कल्पना. यात नायक व्हित्तोरिओ डी सिका, एरवी दिग्दर्शक. आमच्या पिढीतल्या फिल्म सोसायटीवाल्यांना डी सिका म्हणजे 'बायसिकल थीव्ज'चा डी सिका. गरिबी, चोरीला गेलेली सायकल, बापाचा हात धरलेला पोरगा. १९५२ साली मुंबईत पहिला आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव झाला, तिथे तो सिनेमा दाखवल्यावर आपल्याकडचे कितीतरी दिग्दर्शक हलून गेले, हे इतक्यांदा ऐकलंय की या माणसाला हसता येत असेल असं वाटलंच नव्हतं. इथे तो पिकलेल्या केसांचा, रुबाबदार गणवेशातला, बाई दिसली की पोट आत घेणारा पोलीस ठाणेदार आहे. डोंगरावरच्या गरीब गावात बदली होऊन आलेला मारेशाल्लो कारोतेनूतो. इटलीत सामान्य लोक त्याला असाच ओळखत. देखणा विनोदी नट. आधीच्याच वर्षी आलेला त्याचा 'उंबेर्तो डी.' तिकीटबारीवर पडला होता. सिनेमे काढायचे, त्यात पैसे घालवायचे आणि ते भरून काढायला दुसऱ्यांच्या सिनेमांत नट म्हणून उभं राहायचं, असा त्याचा प्रपंच. (जुगाराचाही नाद होता, तो खर्च वेगळा.)

गंमत म्हणजे 'उंबेर्तो डी.'मध्ये पहाटे उठून काडी ओढणारी, मुंग्यांवर पाणी सोडणारी, कॉफी दळणारी ती मोलकरीण पोरगी, मारिया पिया काझीलिओ, ती इथेही आहे. तेच डोळे. पण इथे तिच्या वाट्याला हसणं आलंय.

हे सगळं बघत होते तोवर दारात ती म्हातारी आली.

काळा झगा, हाडकुळं शरीर, मागे आवळून बांधलेले केस. नायक हातभर उंच. ही मान खाली घालून फक्त डोळे वर करते. आणि आवाज! बोअरवेलला पाणी लागायच्या आधी पाइपातून खर्रर्र वारा येतो, तसा. ठाणेदाराची घरकामाला असलेली बाई, नाव कारामेल्ला. तिथून पुढचा सिनेमा मी नायिकेकडे न बघता पाहिला. जीना लोलोब्रिजिदा फाटक्या झग्यात गाढवावरून गावभर फिरतेय आणि मी डोळे लावून बसलेय म्हातारी पुन्हा कधी येते याच्याकडे.

मंगळवार

दुपारच्या सुट्टीत डबा बाजूला सारून तिची माहिती काढली. टीना पीका. नेपल्सची, जन्म ३१ मार्च १८८४. बालगंधर्वांहून चार वर्षांनी मोठी! वडील विनोदी नट, आई नटी, म्हणजे पडद्यामागच्या दोऱ्यांतच वाढलेली. आवाज जात्याच जाड, म्हणून तरुणपणी पुरुषांच्या भूमिकाही केल्या. आपल्याकडे पुरुष शालू नेसून नायिका होत होते, त्याच सुमाराला तिकडे ही मिशा लावत होती.

१९३०नंतर ती दे फिलिप्पो भावंडांच्या कंपनीत गेली. एदुआर्दो, पेप्पीनो, तितीना. नेपल्सच्या बोलीत नाटकं करणारं घराणं, आणि एदुआर्दो म्हणजे त्यातला कर्ता. आपल्याकडे एखादा माणूस लिहितो, बसवतो, स्वतः उभा राहतो आणि वर कंपनीचा हिशेबही बघतो, तसला. १९४६च्या नोव्हेंबरात त्याचं 'फिलुमेना मार्तुरानो' रंगमंचावर आलं. फिलुमेना तितीनाने केली आणि तिची विश्वासू म्हातारी, रोझालिया, टीनाने. १९५१च्या सिनेमातही रोझालिया तीच.

त्या नाटकाची सुरुवात मला फार आवडते. पडदा उघडतो तेव्हा खोलीच्या चार कोपऱ्यांत चार माणसं उभी आहेत, खांबखांबोळ्या खेळायला जागा धरून उभं राहावं तशी. दोन कोपऱ्यांत भांडणारं जोडपं. उरलेल्या दोहोंत त्याचा माणूस आणि तिची बाई. वादळ पहिल्या दोघांचं. पण तोल राहतो तो त्या बाकीच्या दोघांमुळे. एक कोपरा रिकामा ठेवून बघा, नाटक कलंडेल. आमच्या दिग्दर्शकाला हे सांगावंसं वाटलं. पण तो परवाच म्हणाला, "तुझं काय गं, तू नुसती येऊन उभी राहिलीस तरी काम होतं." हे कौतुक होतं असं त्याला वाटतं.

इटालियन नाटकमंडळ्यांत पूर्वी भूमिकांची खातीच ठरलेली असत. पहिला नट, पहिली नटी, तरुण प्रेमी, घरंदाज आई, चटपटीत दासी, आणि 'कारात्तेरिस्ता'. कारात्तेरिस्ता म्हणजे ज्याचं रूप, ढब, बोलणं हेच त्याचं भांडवल. एकदा त्या खात्यात नाव चढलं की जन्मभर तिथेच. आपण चरित्र अभिनेत्री म्हणतो, त्यात उगाच जयंतीच्या भाषणाचा वास येतो. कारात्तेरिस्ता बरा शब्द आहे.

सिनेमातही ती १९३०नंतरच्याच दशकात आली. तोतो या विनोदी नटाचा पहिला चित्रपट १९३७चा, त्यात आहे. पण इटलीभर लोकांनी तिला ओळखायला १९५३ उजाडावं लागलं. वय एकोणसत्तर. बँकेत आम्हाला साठीला घरी पाठवतात.

गुरुवार

कालची तालीम झाली नाही, नायकाला ताप.

सोमवारच्या सिनेमाची पुढे मालिका झाली, तिचा दुसरा आणि तिसरा भाग आज पाहिला. दुसरा १९५४चा, 'पाने, आमोरे ए जेलोझिया', दिग्दर्शक पहिल्याचाच, लुइजी कोमेंचीनी. यासाठी टीना पीकाला १९५५ साली नास्त्रो द'अर्जेंतो मिळालं, सिनेपत्रकार देतात ते, साहाय्यक अभिनेत्रीचं. तिसरा रंगीत, त्यात ठाणेदार समुद्राकाठी सोर्रेंतोला येतो. दिग्दर्शक बदलून दीनो रीझी, नायिका बदलून सोफिया लोरेन, गावही बदललं. ठाणेदाराबरोबर न बदलता आलेल्यांत कारामेल्ला आहे. नायिका बदलता येते. घर सांभाळणारी बाई बदलली तर प्रेक्षक विचारणार, ती कुठे गेली?

ती नेमकं करते काय, हे मी आज मागेपुढे करून बघितलं. काही प्रसंग चार-चार वेळा. ठाणेदार आरशासमोर रंगात आलेला असतो, डोक्यात कुठलीतरी बाई. कारामेल्लाच्या डोक्यात बाई नसते. तिच्या डोक्यात घर असतं. तो प्रेमात आहे आणि ही कामात आहे. त्याचं बोलणं तिला ऐकू येतं, पण हातातलं झाल्याशिवाय ती मान वळवत नाही. वळवते तेव्हा दोन शब्द बोलते आणि चालू पडते. हसू येतं ते त्या दोन शब्दांना नाही. तिला त्याच्या प्रेमप्रकरणासाठी वेळ नाही, याला येतं.

मी इतकी वर्षं काय केलं? मुख्य पात्र बोलत असताना त्याच्याकडे बघून प्रतिक्रिया दिल्या. भुवई वर, पदर तोंडाला, "अगंबाई". प्रमाणपत्रंही मिळाली त्याची.

आवाजाचंही एक आहे. त्या काळी इटलीत बहुतेक आवाज नंतर स्टुडिओत भरत, आणि चेहरा एकीचा नि आवाज दुसरीचा यात कुणाला काही वावगं वाटत नसे. क्लाउदिया कार्दिनाले या नटीच्या सुरुवातीच्या इटालियन सिनेमांत ऐकू येते ती वेगळीच बाई. टीना पीकाच्या तोंडी दुसरीचा आवाज घालून बघा बरं. काय उरेल? तो घोगरेपणा हाच तिचा सातबारा.

शुक्रवार

थोडं उलटंही लिहून ठेवते, नाहीतर ही रोजनिशी आरती व्हायची.

कारामेल्ला गाजल्यावर निर्मात्यांनी तिलाच मध्ये बसवलं. १९५७चा 'ला नोन्ना साबेल्ला', म्हणजे साबेल्ला आजी, सान सेबास्तियानच्या महोत्सवात त्याला पहिलं पारितोषिक मिळालं. आजी मरायला टेकल्याचं कळून नातू नेपल्सहून धावत येतो, तर आजी ठणठणीत. तिला त्याचं लग्न पैसेवाल्या घरात लावायचंय. घरात स्वतःच्या बहिणीचं लग्नही हिनेच वर्षानुवर्षं अडवून ठेवलंय, आणि तो ताटकळलेला म्हातारा नवरदेव म्हणजे पेप्पीनो दे फिलिप्पो. हा सिनेमा झकास आहे, कारण साबेल्लाच्या हट्टासमोर तितकीच तयारीची माणसं उभी आहेत. पुढे मात्र पुतणी साबेल्ला, पोलीस आजी, बर्फात घसरायला निघालेली अमेरिकेची मावशी अशी रांगच लागली, आणि १९५९ साली 'ला पीका सुल पाचीफिको'. 'प्रशांत महासागरावरचं धरण' अशा नावाचा एक मोठा सिनेमा नुकताच येऊन गेला होता, त्यातलं धरण काढून तिथे तिचं आडनाव बसवलं! नावात आडनाव येणं म्हणजे केवढा मान. पण आत दम नाही. ताटाच्या डाव्या बाजूचं लोणचं उचलून त्याची भाजी केली. पहिल्या घासाला वा, आणि मग पाणी पाणी.

हे म्हणताना मला जरा चोरट्यासारखं होतं. सत्तरी ओलांडलेल्या बाईला कुणी म्हणालं, यावेळी मधोमध तू, तर तिने नाही म्हणावं? मला कुणी म्हणालं तर मी म्हणेन? अकरा वाक्यांवर बसलेय ती.

शनिवार, रात्री बारा वाजून गेले

सकाळी आई राहायला आली. तिला १९६३चा 'येरी, ओज्जी, दोमानी' दाखवला, फक्त तिसरी गोष्ट. दिग्दर्शक डी सिका. रोममध्ये पियात्सा नावोना या चौकाच्या वरच्या अंगाला गच्च्या, एका गच्चीत सोफिया लोरेन, धंदा करणारी मारा. शेजारच्या गच्चीत पाद्री व्हायला निघालेला कोवळा पोरगा, सुट्टीत आजीआजोबांकडे आलेला. पोराचं चित्त बिघडतं, शिकायला परत जायचं नाव घेईना. आजी टीना पीका, वय एकोणऐंशी. आधी या बाईला शिव्या मोजते, मग नातवासाठी तिच्याच दारात रडत येते.

आईला इटालियन येत नाही, सबटायटल वाचायला चष्मा नव्हता. ती मुकाट्याने बघत होती. लोरेन मोजे उतरवते त्या सुप्रसिद्ध प्रसंगाला तिने पंखा वाढवला. नंतर म्हणाली, "ती म्हातारी रडली ना, तेव्हा तिला लाज वाटत होती. पोराची नाही, स्वतःची. आधी बोलली होती ना काहीबाही." मला हे सुचलं नव्हतं.

तो तिचा शेवटचा सिनेमा. १९६८च्या ऑगस्टमध्ये ती गेली, नेपल्समध्येच.

संध्याकाळी तालीम. दुसरा अंक, मी चहाचा ट्रे घेऊन येते तो प्रवेश. नायक-नायिकेचं कडाक्याचं वाजलेलं, मधे माझं वाक्य, "चहा ठेवू का ताई?" आले, ट्रे ठेवला, आणि बोललेच नाही. दोघं वाट बघत थांबली. कुणीतरी मागे फिसकन हसलं.

दिग्दर्शक ओरडला, "सखूबाई, वाक्य विसरलात?"

"नाही सर. कप मोजत होते. माणसं सात आहेत, कप सहाच दिलेत."