भांडणाची आठ पानं

रोमान्स मांगातलं, म्हणजे जपानी शैलीच्या प्रेमकथेच्या कॉमिकमधलं, भांडण संवादात कमी आणि पानाच्या मांडणीत जास्त असतं. मराठीत मांगा काढताना गाडी अडते ती इथेच: दोघं मनातलं सगळं बोलून मोकळे होतात आणि पुढच्या पानाला काही उरत नाही.

आधी कारण नेमकं करा. ‘तू मला वेळ देत नाहीस’ ही तक्रार झाली. ठाण्यात घोडबंदर रोडवर भाड्याचा वन बीएचके, अकरा महिन्यांचा करार संपत आलेला, तिची नोकरी ऐरोलीत, आणि त्याने तिला न विचारता करार वाढवायला मालकाला होकार कळवलेला, हे कारण. यात दोघांचीही बाजू समजते, कुणाला खलनायक करावं लागत नाही.

पहिली दोन पानं कुकर, डबा, चार्जर यांना द्या. तिसऱ्याच्या शेवटच्या चौकटीत त्याचा फोन वाजतो, तिची नजर जाते. मालकाचा मेसेज चौथ्यावर, म्हणजे पान उलटल्यावरच दिसायला हवा. आपण डावीकडून वाचतो, म्हणून ही चौकट उजव्या पानाच्या खालच्या उजव्या कोपऱ्यात. जपानी अंकात ती डाव्या पानाच्या खालच्या डाव्या कोपऱ्यात येते. संवादाचे फुगेही तिथून उचलू नका. जपानी मजकूर उभा, म्हणून तिथले फुगे उंच आणि अरुंद. देवनागरीला रुंद फुगा लागतो आणि ओळींमध्ये जास्त जागा, नाहीतर वरच्या ओळीचे उकार खालच्या वेलांट्यांत अडकतात.

पाचव्या-सहाव्या पानावर आवाज चढवण्याऐवजी दोघांमधलं अंतर वाढवा. एकाच चौकटीत असलेली माणसं वेगवेगळ्या चौकटींत जाऊ द्या. तिचं मनातलं बोलणं फुग्याबाहेर, मोकळ्या जागेत लिहा. एका पानावर दोनच ओळी पुरतात.

जवळीक मला सगळ्यात अवघड वाटते, आणि ठाण्यात ती सुंदर जमते. सातव्या पानावर दोघांना तलावपाळीच्या कट्ट्यावर बसवा. भोवती गर्दी, मिठी मारता येत नाही, म्हणून सगळी माया तिची बॅग स्वतःच्या मांडीवर घेण्यात उतरते. इथे चौकटीची रेघ काढून टाका, मागचे लोक पुसट करा. तो ‘चुकलं माझं’ म्हणतो तेव्हा चेहरा तिचा दाखवा, ऐकणारीचा. कराराचा निकाल आठव्या पानावर लावूच नका. एवढ्यात तो लागला तर आधीचा राग खोटा ठरतो.

आणि डिजिटल स्क्रीनटोन, म्हणजे छटेसाठीचे ठिपक्यांचे नमुने, अंतिम आकार ठरल्यावरच लावा. नंतर पान लहान-मोठं केलं की ठिपक्यांतून जाळीदार पट्टे उमटतात, आणि ते नेमके गालांवर दिसतात.