पे उजवीकडे, नून डावीकडे

दगड अलिबागजवळच्या बेने इस्रायली, म्हणजे कोकणातल्या मराठी बोलणाऱ्या ज्यूंच्या, दफनभूमीतला. वर हिब्रू, खाली मराठी. ज्या कलावतीसाठी मी छपाई करत होतो तिचे वडील बेने इस्रायली, आई पेणची मराठा. कबरीवरचा लेख मलमलीवर निळ्यात उतरवायचा आणि सोबत आत्याच्या आवाजातलं मराठी कीर्तन ऐकवायचं, असं तिचं काम. शनिवारी घाणा बंद ठेवणारे म्हणून कोकणात ज्यांना शनवार तेली म्हणत, त्यांच्या घरातली ही दोन्ही अक्षरं.

पद्धत सायनोटाइपची, म्हणजे उन्हाने निळा छाप उमटवण्याची, 1842 सालची. 100 मिली पाण्यात 25 ग्रॅम फेरिक अमोनियम सायट्रेट, दुसऱ्या 100 मिलीत 10 ग्रॅम पोटॅशियम फेरिसायनाइड. दोन्ही वेगवेगळ्या तपकिरी बाटल्यांत ठेवायची आणि वापरायच्या वेळीच समभाग मिसळायची. मलमलीतली खळ आधी पूर्ण काढावी लागते, पण धुण्याच्या सोड्याने नव्हे. सोडा कापडात राहिला तर निळा रंग फिका पडतो. लेप दिलेलं कापड अंधारात खडखडीत वाळवायचं, नाहीतर उन्हात काचेखाली वाफ धरते आणि डाग पडतात.

दगड मोठा, म्हणून निगेटिव्हच्या दोन फिल्म होत्या. शाईची बाजू कापडाला टेकली की अक्षरं तीक्ष्ण येतात, म्हणून दोन्ही फिल्म आरशातल्यासारख्या उलट छापून घेतल्या होत्या. दुपारच्या उन्हात 15 मिनिटं ठेवलं. मग पाण्यातला पिवळा अंश जाईपर्यंत धुतलं. निळा सुरेख उतरला. वरच्या भागात कडा किंचित मऊ दिसल्या. मला वाटलं, कापडाला सुरकुती असेल.

कीर्तनाचं ध्वनिमुद्रण संपवून आत्या कापड वाळत घातलेल्या दोरीपाशी आल्या. पाहताक्षणी म्हणाल्या, "पे उजवीकडे हवा, नून डावीकडे. हे उलटं आहे."

पे आणि नून ही हिब्रू अक्षरं; कबरीवर पे-नून म्हणजे 'इथे दफन आहे'. वरची फिल्म मी पालथी घातली होती. मराठी उलटी असती तर काच लावायच्या आधीच डोळ्याला खुपली असती. हिब्रू मला येत नाही, त्यामुळे खुपलं नाही. मऊ कडा हीच खूण होती: शाई आणि कापड यांच्यामध्ये फिल्मची जाडी आली होती.

मलमल पातळ, रंग पार मागे उतरलेला. मागून पाहिलं तर हिब्रू सरळ, मराठी उलटी! कलावतीचे डोळे चमकले. हे असंच खोलीच्या मधोमध टांगावं, दोन्ही बाजूंनी फिरून वाचता येईल, असं तिला वाटलं. मलाही मोह झाला.

आत्या म्हणाल्या, "नाव आहे ते, बाळा. नाव उलटं टांगू नये."

त्यांचंच बरोबर होतं. तो तुकडा तिने घडी करून आत्यांच्या हाती दिला. मी दोन्ही फिल्मच्या उजव्या वरच्या कोपऱ्याला, शाईची बाजू खाली धरून, खाच पाडली आणि नव्या मलमलीला लेप दिला. दुसऱ्या दिवशी दुपारी फिल्म मांडल्यावर आत्यांनी बोट न टेकवता, उजवीकडून डावीकडे, दगडाचा फोटो शेजारी धरून ओळ न ओळ पडताळली.

"लाव आता काच," त्या म्हणाल्या.