दोन चंद्रांचा दर्या

मुलांसाठी लिहिलेल्या माझ्या कादंबरीचं बाड परत आलं, तेव्हा संपादकबाईंनी समासात पेन्सिलीने एवढंच लिहिलं होतं: "समुद्र सुंदर आहे, पण तो काहीच करत नाही." मला राग आला. जांभळ्या लाटा होत्या, गाणारे मासे होते, रात्री उजळणारं पाणी होतं. आणखी काय करायचं त्याने?

आठवडाभर रुसून झाल्यावर मी ती प्रकरणं भाचीला वाचायला दिली. वय बारा, दयामाया शून्य. त्या खर्ड्यात मी पुराणांतले सात समुद्र जसेच्या तसे उचलले होते: खारा, उसाच्या रसाचा, सुरेचा, तुपाचा, दह्याचा, दुधाचा आणि शेवटी गोड्या पाण्याचा. (मुलांचं पुस्तक म्हणून सुरेचा आधीच गाळला होता, म्हणजे खरं तर सहाच.) तिने चौथ्या पानावर बोट ठेवून विचारलं, "मावशी, तुपात होडी तरंगेल का गं?"

हसून विषय बदलला, पण रात्री हिशोब मांडून बसले. दुधाची घनता समुद्राच्या पाण्याच्या अगदी जवळ, १.०३च्या आसपास. म्हणजे क्षीरसागरात होडीला काही फरक कळणारही नाही. तूप मात्र ०.९१च्या आसपास. तीच होडी तुपात साधारण आठवा हिस्सा जास्त बुडून चालणार. आणि थंडीत तूप थिजलं की ती खणूनच काढावी लागणार! जांभळ्या लाटा लिहिताना मला एवढी मजा कधी आली नव्हती. दुसऱ्या दिवशी सकाळी त्या लाटा खोडल्या. उजळणारं पाणीही काढलं. कोकणच्या किनाऱ्यावर तशी निळी लाट खरोखरच येते, नॉक्टिल्युका नावाचे सूक्ष्म जीव पाणी हललं की चमकतात. मोबाइलवर व्हिडिओ पाहिलेल्या पोरांना ती जादू म्हणून कोण विकणार?

सात समुद्रांपैकी एकच ठेवला, खारा. त्याला एक गुण दिला: किनाऱ्यावरून कुणी कुणाला मारलेली हाक तो पाण्यात साठवतो आणि कधीतरी परत देतो. हे "कधीतरी" पुढे मला फार महागात पडलं.

मे महिन्यात आजोळी गेले. मामाने आयुष्यभर डोल, म्हणजे वाहत्या पाण्यात रोवून ठेवायचं पिशवीसारखं जाळं, लावून मासेमारी केलेली. त्याला मोठ्या कौतुकाने माझा समुद्र सांगितला. सगळं ऐकून घेतल्यावर त्याने विचारलं, "बरं, मग तुझ्या दर्याला भरती कधी?"

मला उत्तर येईना. मग त्याने त्याचा जुना ठोकताळा काढला: तिथीची पाऊणपट कर, भरतीची वेळ मिळते. चतुर्थीला तीन, अष्टमीला सहा, पौर्णिमेला सव्वाअकरा. भरती रोज पाऊण तासाने, नीट मोजलं तर पन्नासेक मिनिटांनी, पुढे सरकते, त्याचंच हे गणित. पौर्णिमा-अमावास्येला उधाण, अष्टमीच्या सुमाराला भांग, म्हणजे सगळ्यात कमी चढउताराची भरती. घड्याळाशी ताडून पाहिलं तर थोडं इकडेतिकडे होतं, पण होडी काढायला पुरतं.

आता गोची अशी, की माझ्या जगात चंद्र दोन होते. का? मुखपृष्ठावर छान दिसतील म्हणून. एवढंच.

पुढचे दीड महिने मी गोष्ट लिहिली नाही, एक्सेल भरत बसले. मोठ्या चंद्राची फेरी ३० दिवसांची, धाकट्याची १२. म्हणजे दर २० दिवसांनी दोघे एका बाजूला येणार आणि मधल्या दहाव्या दिवशी समोरासमोर. उधाण दोन्ही वेळा, म्हणजे दर १० दिवसांनी. पण धाकटा लवकर फिरतो म्हणजे तो जवळचा, जवळपास निम्म्या अंतरावर. आणि भरती उठवणारी ओढ अंतर घटलं की त्याच्या घनाने वाढते, अंतर निम्मं झालं की आठपट! माझ्या आकड्यांनी ती सहापटीच्या थोडी वर गेली. किनाऱ्यावरची सगळी गावं वाहून जायची वेळ आली. म्हणून धाकट्याचं वजन मोठ्याच्या साधारण सहाव्या हिश्शावर आणलं आणि दोघांची ओढ सारखी करून टाकली. सूर्याला सरळ वगळलं. लेखकाला एवढी मुभा असावी.

तक्ता पूर्ण झाला आणि एका रकान्याकडे मी बघतच राहिले. दोन्ही चंद्र एकमेकांशी काटकोनात आले की एकाची भरती दुसऱ्याच्या ओहोटीवर बसत होती. ओढ सारखी, त्यामुळे उत्तर शून्य. त्या दिवशी माझा समुद्र हलतच नव्हता. भरती नाही, ओहोटी नाही. हाका परत देणारा समुद्र दर दहा दिवसांनी एक दिवस गप्प! "कधीतरी" कधी, ते मिळालं होतं: उधाणाला हाका परत येतात, आणि हाकेने मागे न फिरता पलीकडे जायचं असेल तर त्या गप्प दिवशीच निघायचं. दोनशे पानं मी त्या एका रकान्यासाठी फाडली.

गणपतीत मामाला हे फोनवर सांगितलं. तो थोडा वेळ काहीच बोलला नाही. मग म्हणाला, "पाण्याला ओढ नाय तर डोलीत म्हावरं शिरणार कसं? त्या दिवशी तुझी माणसं खातात काय?"

बाड पुन्हा संपादकबाईंकडे गेलंय. त्यातलं नववं प्रकरण गप्प दिवसाच्या आदल्या रात्री सुरू होतं, घराघरांत सुकट भाजल्याच्या वासाने.